लोखंडाची अंगाई

रॉक संगीतातून निवृत्त होताना नेमकं काय करायचं असतं, हे विश्वजीत दिघेला कुणी सांगितलं नव्हतं. क्रिकेटपटू निवृत्त झाला की मैदानाला फेरी मारतो. बँकेतला माणूस निवृत्त झाला की त्याला शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचं घड्याळ मिळतं. विश्वजीत निवृत्त झाला तेव्हा त्याची गिटार सुकापूर रस्त्यावरच्या एका मिसळ हाऊसमध्ये, कंदील आणि शिलाई मशीन यांच्या मधोमध भिंतीला टांगली गेली आणि लोक तिच्याखाली उभं राहून फरसाण चघळत फोटो काढू लागले. श्रीफळ मिळालंच नाही.

पण हे नंतरचं. आधी गोधड्यांचं सांगायला हवं, कारण सगळा घोळ गोधड्यांनी केला.

तशी विश्वजीतची कारकीर्द काही लहानसहान नव्हती. ‘लोखंड’ हा त्याचा बँड कळंबोलीच्या लोखंड बाजारात, ड्रमरच्या मामांच्या गोदामात जन्माला आला, म्हणून नाव लोखंड. तिथे गोंगाटाची तक्रार करायला कुणी नव्हतं; उलट बाहेर ट्रकमधून सळया उतरायला लागल्या की बँडलाच स्वतःचा आवाज ऐकू यायचा नाही. पुढे ड्रमर पुण्याला नोकरीला गेला, बेस वाजवणारा कॅनडाला गेला आणि गाणारा विमा विकू लागला. तो अजूनही अधूनमधून फोन करतो, पण गाण्याविषयी नाही. उरला विश्वजीत. तो त्याच बाजारात एका कंपनीच्या डिस्पॅच विभागात चिकटला. दिवसभर कुठला ट्रक कुठल्या गावी गेला ते बघायचं आणि दिवेलागणीला नवीन पनवेलच्या घरी येऊन गिटार गळ्यात अडकवायची.

‘लोखंड’चं एक गाणं एके काळी चांगलं गाजलं होतं. शब्द विश्वजीतचे, चाल विश्वजीतची. झोपलेल्या पिढीला खडबडून जागं करावं या उदात्त हेतूने त्याने ते एकविसाव्या वर्षी लिहिलं होतं:

उठा रे उठा, पेटा रे पेटा,
झोपेच्या टाळक्यात हाणा रे सोटा!

कॉलेजच्या महोत्सवांत या ‘सोट्या’वर पोरं अशी उड्या मारायची की एकदा अलिबागला स्टेजची फळी मोडली. ती फळी मोडल्याची बातमी पेपरात आली होती. गाण्याची आली नव्हती. तरी विश्वजीतने कात्रण जपून ठेवलं आहे.

पिढी काही जागी झाली नाही. मधल्या काळात विश्वजीतचं लग्न झालं, चारुता आली, आणि आठ महिन्यांपूर्वी ओवी आली. ओवी म्हणजे गोल चेहरा, दोन दात आणि एक फुफ्फुस, तेही स्पीकरला जोडलेलं असावं असा संशय येण्याजोगं. पण मूल शहाणं. रोज दिवेलागणीला, बाबा आतल्या खोलीत गिटारशी झटापट करत असताना, ती बाहेर पाळण्यात गपगार झोपी जायची. या यशाच्या मानकरी घरात दोघी होत्या. विश्वजीतची आई शोभाताई म्हणायच्या, “माझ्या गुटीचा गुण आहे.” चारुता म्हणायची काही नाही, पण तिला आतून खात्री होती की हा तिच्या अंगाईचा प्रताप आहे. आतून येणाऱ्या ढणढणाटात आपली अंगाई आपल्यालाच ऐकू येत नाही, तर ती मुलीला कशी ऐकू जात असेल, हा विचार तिच्या मनात आला नव्हता. आईपणात तर्काला फार वाव नसतो. झोप मिळतेय ना, मग विचारू नये.

तर, तक्रार आली.

खालच्या मजल्यावर हेतलबेन राहतात. त्यांचं म्हणणं असं की विश्वजीतने गिटारची जाड तार छेडली की त्यांच्या देव्हाऱ्यातली घंटा आपोआप वाजते.

“विश्वजीतभाई, ठाकोरजी समजतात आरती झाली. मग मी आरती केली तर ते बोलणार, परत? फरी पाछी? माझं तो धरम-करम उलटंपुलटं थई गयुं.”

हेतलबेननी पुरावा म्हणून आपल्या घरातून मोबाइलवर आवाज रेकॉर्ड केला आणि तो सोसायटीचे सेक्रेटरी भगवानकाका पाटणकर यांच्याकडे सोपवला. भगवानकाका पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले. सगळं आयुष्य पाणी अडवण्यात गेल्यामुळे आता जे काही वाहताना दिसेल ते अडवायचं, असा त्यांचा स्वभाव झाला होता. त्यांनी विश्वजीतला जिन्यातच अडवलं.

“दिघे, कलेला आमचा विरोध नाही. पण कला ही बंद दाराआड असावी.”

“काका, दार बंदच असतं.”

“मग आणखी बंद करा.”

आता दार आणखी बंद कसं करायचं, यावर साऱ्या इमारतीने सल्ले दिले. कुणी म्हणालं, हेडफोन लावून वाजव. त्याने लावला. पण हेडफोन कानात असला तरी ताल पायात असतो. दुसऱ्याच दिवशी हेतलबेन म्हणाल्या, आता घंटा वाजत नाही, पण छतावर कुणी खलबत्त्यात कुटतंय. कुणी म्हणालं, गच्चीवर पाण्याच्या टाकीशेजारच्या खोलीत वाजव. तिथे पंपाची मोटर होती. गिटार आणि मोटर एकाच बोर्डावर लागल्याबरोबर दोन्ही बंद पडल्या आणि इमारतीला सकाळपर्यंत पाणी नव्हतं. शेवटी समोरच्या नीता मॅडम, ज्या शाळेत विज्ञान शिकवतात, त्या म्हणाल्या, “अरे, कापूस आवाज शोषून घेतो. भिंतींना कापूस लाव.”

कापूस म्हटल्यावर शोभाताईंचे डोळे चमकले. माळ्यावरच्या ट्रंकेत त्यांच्या आईने, सासूने आणि त्यांनी स्वतः जुन्या लुगड्यांच्या शिवलेल्या डझनभर गोधड्या होत्या. लग्न झाल्यापासून चारुता ‘या एवढ्या गोधड्यांचं करायचं काय’ असं विचारत होती आणि शोभाताई ‘लागतील कधीतरी’ म्हणत होत्या. ते कधीतरी अखेर आलं, तेही रॉक संगीताच्या रूपाने. शोभाताईंनी विजयी मुद्रेने ट्रंक उघडली.

आता मध्यमवर्गीय मराठी घरातून ट्रंकेतली गोधडी थेट भिंतीवर जाऊच शकत नाही. ती आधी उन्हात जाते. शोभाताईंनी सगळ्या गोधड्या गच्चीवर नेल्या, दोरीवर टाकल्या आणि कपडे धुण्याच्या धोपटण्याने भर दुपारी धपाधप झोडपून काढल्या. मग हात लागलाच आहे म्हणून गाद्या नेल्या. गाद्यांमागोमाग उशा. नाहीतर उशांना वाईट वाटलं असतं.

इथे एक गोष्ट ध्यानात घ्या. एखाद्या घराने ऐन मार्चमध्ये, सणवार नसताना, सगळ्या गाद्या, गोधड्या, उशा एकाच दिवशी गच्चीवर नेऊन झोडपल्या, तर इमारत त्याचा एकच अर्थ लावते. चार वाजता सोसायटीच्या ग्रुपवर कुणीतरी नुसतं लिहिलं, ‘दिघ्यांकडे ढेकूण???’ तीन प्रश्नचिन्हं. पाच वाजेपर्यंत प्रश्नचिन्हं गळून पडली होती.

विश्वजीत संध्याकाळी घरी आला तर लिफ्टमध्ये लोक त्याच्यापासून अंग चोरून उभे. भगवानकाका मजल्यावर भेटले, पण दहा फुटांवरून बोलले.

“दिघे, लपवू नका. वेळेवर सांगितलं तर इलाज आहे.”

“काका, त्या गोधड्या गिटारसाठी आहेत.”

भगवानकाका आणखी एक पाऊल मागे सरकले. “गिटारला थंडी वाजते?”

पुढच्या रविवारी सगळ्या इमारतीचं पेस्ट कंट्रोल झालं. प्रत्येकाला स्वयंपाकघर रिकामं करावं लागलं. हेतलबेनची छुंद्याची बरणी जिन्यात फुटली. नीता मॅडमच्या सासऱ्यांना औषधाच्या वासाने शिंकांचा असा झटका आला की त्यांची कवळी कॉमन पॅसेजमध्ये गेली. भगवानकाकांना दिवसभर सूनबाईच्या माहेरी बसावं लागलं, आणि हे त्यांना सगळ्यात जास्त लागलं. संध्याकाळी औषध मारणारा माणूस हात पुसत म्हणाला, “साहेब, अख्ख्या बिल्डिंगमध्ये एक ढेकूण नाही. इतकी स्वच्छ बिल्डिंग मी बघितली नाही.”

ढेकूण निघाले असते तर लोकांनी माफ केलं असतं. निघाले नाहीत, म्हणून भडका उडाला. त्याच आठवड्यात कमिटीने ठराव केला: इमारतीत विजेवर चालणारं कुठलंही वाद्य वाजवण्यास मनाई. गोधड्या भिंतीवर लागल्या होत्या, पण आता त्यांना शोषायला आवाज उरला नव्हता.

त्या रात्री जेवताना विश्वजीतने ताटातला हात थांबवला आणि गंभीरपणे जाहीर केलं, “मी रॉक सोडतोय.”

“बरं,” शोभाताई म्हणाल्या. “भात वाढू?”

चारुताने मात्र त्याच्याकडे बघितलं. ओवीला भरवता भरवता ती म्हणाली, “विशू, रागाच्या भरात काही करू नकोस. आमच्या बाबांनी रागात स्कूटर विकली आणि मग वर्षभर रिक्षावाल्यांशी भांडले.”

“राग नाही गं. वय झालं आता. बाप झालोय. चौतिसाव्या वर्षी ‘पेटा रे पेटा’ म्हणायला कसंतरीच वाटतं. आणि ऐकतं कोण? एक माणूस दाखव मला, ज्याला माझ्या गाण्याची गरज आहे.”

चारुताने माणूस दाखवला नाही. ओवी तेव्हा तिच्या मांडीवर बसून वरणभात केसांना लावत होती.

गिटार विकायची जाहिरात टाकल्यावर जे फोन आले, त्यांनी निवृत्तीचं दुःख आणखी गडद केलं. एकाने विचारलं, एकदा चार्ज केली की किती वेळ चालते? दुसरा म्हणाला, बदल्यात व्यायामाची सायकल देतो, बायको वापरत नाही. अखेर एक मोठी गाडी इमारतीखाली थांबली आणि सुकापूरचे महादेव पाटील वर आले. गळ्यात जाड साखळी, पायात पांढरे बूट, चेहरा प्रसन्न. रस्त्याकडेची शेतजमीन होती, तिथे आता त्यांनी मिसळ हाऊस उघडलं होतं.

विश्वजीतने गिटार मांडीवर घेतली. “वाजवून दाखवतो. आवाजाचा पोत बघा.”

“नको, नको,” महादेवराव म्हणाले. “आतमधी काय बिघडलेलं आसंल तरी चालंल. आमाला टांगायचीच हाय.”

“टांगायची?”

“भिंतीला. कंदील हाय, शिलाई मशीन हाय, जुना फोन हाय. मधी जागा मोकळी दिसतं. पोरगा बोलला, बाबा, गिटार लावा, पोरी फोटो काढतील.”

विश्वजीतने गिटार जवळ ओढली. नाही म्हणावं असं त्याला फार वाटलं. पण निवृत्ती जाहीर झाली होती, भातही वाढून झाला होता. त्याने गिटार दिली. महादेवरावांनी ती कोंबडी धरावी तशी मानेला धरून नेली. गिटारचा आवाज मोठा करणारा अ‍ॅम्प त्यांना नको होता, कारण तो भिंतीला टांगता येत नाही. शोभाताईंनी दुसऱ्याच दिवशी अ‍ॅम्पवर क्रोशाचं कव्हर घातलं आणि वर मनीप्लांट ठेवला.

त्या संध्याकाळी दिवेलागण झाली. घर शांत होतं. चारुताने पाळण्याला झोका दिला आणि पहिल्यांदाच स्वतःच्या कानांनी ऐकू येणारी अंगाई म्हटली.

ओवीने तिच्याकडे पाहिलं, खोलीकडे पाहिलं, पुन्हा तिच्याकडे पाहिलं आणि टाहो फोडला.

ते रडणं साधं नव्हतं. त्याला सुरुवात होती, मध्य होता, पण शेवट नव्हता. ती थकून झोपायची, दचकून उठायची आणि जिथे सोडलं होतं तिथून पुढे धरायची. शोभाताईंनी गुटी वाढवली. बेंबीभोवती हिंग लावला. मीठ-मोहरी-मिरच्यांनी दृष्ट काढली. मिरच्यांचा ठसका घरात सगळ्यांना लागला, म्हणजे दृष्ट नव्हतीच, म्हणजे कारण दुसरं. डॉक्टरांनी कान, घसा, पोट, दात सगळं तपासलं. “एकदम ठणठणीत आहे,” ते म्हणाले, आणि ओवीच्या आवाजावर मात करायला त्यांना हे ओरडून सांगावं लागलं. मग शेजार सरसावला. नीता मॅडम म्हणाल्या, पाळण्याची दिशा बदला. कुणी म्हणालं, पंख्याकडे बघू देऊ नका. कुणी म्हणालं, पंख्याकडेच बघू द्या. हेतलबेन सुंठीचा लेप घेऊन आल्या. परत जाताना त्यांचेच डोळे तारवटलेले होते. त्यांच्या ठाकोरजींनाही आता झोप नव्हती.

भगवानकाकांची पंचाईत वेगळीच होती. ते जिन्यात विश्वजीतला म्हणाले, “दिघे, मी उपविधी दोनदा वाचले. तान्ह्या मुलाच्या रडण्याबद्दल काही तरतूदच नाही हो.” एवढ्या असहाय आवाजात ते कधी बोलले नव्हते.

विश्वजीत ऑफिसात नाशिकचा ट्रक साताऱ्याला पाठवू लागला. चारुता बँकेत नुकतीच पुन्हा रुजू झाली होती. ती काउंटरवर लोकांना ‘पुढचा’ म्हणण्याऐवजी ‘गाई गाई’ म्हणाली. घरात कुणी कुणाशी नीट बोलेना. एकदा ओवीला खांद्यावर घेऊन येरझारा घालताना चारुताचे डोळे भरून आले. “विशू, मला काहीतरी चुकतंय रे. काय ते कळत नाहीये.” विश्वजीतने ओवीला तिच्याकडून घेतलं. त्यालाही कळत नव्हतं. ज्या माणसाने एके काळी अलिबागची फळी मोडली, त्याला आठ महिन्यांच्या एका श्रोत्यासमोर घाम फुटला होता.

अशात सोसायटीची सभा आली. खाली पार्किंगमध्ये प्लास्टिकच्या खुर्च्या, टेबलावर गणपतीत वापरतात तो स्पीकर. पहिला विषय: मागील ठराव कायम करणे. नीता मॅडम उठल्या.

“माझा मुद्दा तांत्रिक आहे. वाद्यबंदीचा ठराव पुराव्यावर झाला म्हणता, पण तो पुरावा सभेपुढे आलाच नाही. तो वाजवून दाखवा, मगच कायम करा.”

“मॅडम, राहू दे ना,” विश्वजीत कासावीस होऊन म्हणाला. गेलेल्या माणसाचा फोटो भर सभेत कशाला काढायचा, असं त्याला झालं. चारुता कडेला ओवीला घेऊन उभी होती आणि ओवीचं मधलं आलाप-पर्व चालू होतं.

“पद्धत म्हणजे पद्धत,” भगवानकाका म्हणाले. हेतलबेननी मोबाइल दिला. तो स्पीकरला जोडला गेला. आणि पार्किंगमध्ये, खालून रेकॉर्ड केल्यामुळे जरा दबका, पण अस्सल ढणढणाट घुमला. त्यावर विश्वजीतचा घोगरा आवाज: “उठा रे उठा, पेटा रे पेटा!”

ओवीने एक उचकी दिली. तिने मान वळवली. तोंड उघडं राहिलं, आवाज आला नाही. ‘झोपेच्या टाळक्यात’पर्यंत तिच्या पापण्या जड झाल्या आणि ‘सोट्या’ला तिचं डोकं आईच्या खांद्यावर टेकलं.

पार्किंगमध्ये टाचणी पडली असती तरी तिला कुणी गप्प बस म्हटलं असतं.

तेवढ्यात रेकॉर्डिंगच्या शेवटी हेतलबेनचा खणखणीत आवाज आला, “जुओ, भगवानभाई, जुओ! केटलो त्रास!” ओवी दचकून उठली आणि टाहो फोडू लागली.

“परत लावा!” चारुता किंचाळली. सभाशास्त्राचे सगळे नियम मोडून ती टेबलापाशी धावली होती.

परत लावलं. ओवी झोपली. शेवटी हेतलबेन आल्या. ओवी उठली.

“अरे बाप रे,” हेतलबेन कपाळाला हात लावून म्हणाल्या, “आ तो हूं ज उठाडूं छुं एने! मीच उठवते हिला!”

आता चारुताच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. ओवी पोटात होती तेव्हापासून. पाय सुजायचे म्हणून ती विश्वजीतच्या खोलीत अ‍ॅम्पशेजारी खुर्ची टाकून बसायची, रोज, दिवेलागणीला. ही पोर जन्माआधीपासून ‘पेटा रे पेटा’ ऐकत झोपत आली होती. गुटी नाही, अंगाई नाही. शोभाताईंनाही उजेड पडला असावा, कारण त्या म्हणाल्या, “तरी गुटीनं पचन चांगलं राहिलं हो.”

कुणीतरी इंटरनेटवरचं ‘लोखंड’चं जुनं रेकॉर्डिंग शोधून लावलं. ते ड्रमरच्या लांबलचक ठोकाठोकीने सुरू व्हायचं. ओवीने ते ऐकलं आणि दुप्पट आवाजात नापसंती नोंदवली. तिला हवा होता तो घरचा, बाबांचा, भिंतीपलीकडचा आवाज.

“गिटार कुठे आहे, दिघे?” भगवानकाकांनी विचारलं.

विश्वजीतने मान खाली घातली. “मिसळ हाऊसमध्ये. टांगलीय.”

सभा तहकूब करण्यात आली. सोसायटीच्या इतिहासात पहिल्यांदाच एखादी सभा तहकूब होऊन मिसळ खायला गेली. भगवानकाकांच्या गाडीत पुढे काका आणि विश्वजीत, मागे चारुता, शोभाताई, हेतलबेन आणि या सगळ्यांच्या वर ओवीचा आवाज.

रविवार संध्याकाळ असल्यामुळे मिसळ हाऊस तुडुंब. गिटार भिंतीवर होती. तिच्या मानेला प्लास्टिकच्या झेंडूची माळ, खाली शेवेचा चुरा. येणारी पोरं तारा ओढायची, त्यात एक तार गेली होती. विश्वजीतला ती बघवेना. दवाखान्यात नातेवाइकाला बघायला जावं आणि तो गर्दीच्या वॉर्डात दिसावा, तसं त्याला झालं.

महादेवरावांनी सगळं ऐकून घेतलं, म्हणजे ओवीच्या रडण्यातून जेवढं ऐकू आलं तेवढं.

“आवो पन तिचा फोटो लोकांना आवडतं. तिकडं पोरी लायनीत उभ्या ऱ्हातात. काढली तर भिंत भुंडी दिसंल.”

“अहो, मुलीच्या झोपेचा प्रश्न आहे,” भगवानकाका म्हणाले. “सोसायटी तुम्हाला तसं रीतसर पत्र देईल.”

“पत्राला काय करू, टांगू?”

एवढ्यात ओवीने वरचा सूर लावला. टेबलांवरचे लोक वळले. एका वेटरच्या हातून तर्री सांडली. महादेवराव कानावर हात ठेवून म्हणाले, “घ्या, घ्या, वाजवा आदी! मग बोलू!”

विश्वजीतने खुर्चीवर चढून गिटार उतरवली. माळ काढायला वेळ नव्हता. अ‍ॅम्प घरी, मनीप्लांटखाली. पण गल्ल्यापाशी टोकन नंबर पुकारायचा स्पीकर होता. त्याने नंबर पुकारणाऱ्या पोराच्या हातातला माइक घेतला, त्याची वायर काढली आणि गिटारला खुपसली. उरल्या होत्या तेवढ्या तारा पिळून सुरात आणल्या. पाचच तारा.

मग त्याने ती पहिली तार छेडली.

‘टोकन’च्या चिरक्या स्पीकरमधून जे बाहेर पडलं, त्याला आवाजाचा पोत वगैरे काही नव्हता. पण ते त्याचं होतं. “उठा रे उठा,” तो हळूच म्हणाला, “पेटा रे पेटा...” चारुता समोर उभी होती. ओवीचा ओठ थरथरला, थांबला. तिने बापाकडे बघितलं, अगदी ओळखीचं, जरा रागावलेलं, ‘होतास कुठे इतके दिवस’ असं. मग डोळे मिटले. झोपेच्या टाळक्यात सोटा बसायच्या आत ती झोपली होती.

विश्वजीतचा जीव भांड्यात पडला. त्याने वाजवणं थांबवलं नाही, नुसतं हळूहळू बारीक करत नेलं.

अख्खं मिसळ हाऊस गप्प होतं. लोक पाव मोडतानाही आवाज होऊ नये म्हणून जपत होते. तर्री हवी असलेल्याने नुसतं वाटीकडे बोट दाखवलं. टोकन पुकारणारा पोरगा टेबलाशी जाऊन कानात नंबर सांगत होता. हेतलबेन पदराने डोळे पुसत होत्या; त्यांना बिचाऱ्यांना झोप येत होती की रडू, ते त्यांनाच ठरवता येत नव्हतं. आणि भगवानकाका, आयुष्यभर अडवत आलेले भगवानकाका, टेबलावर बोटांनी ताल धरून बसले होते.

महादेवराव कुजबुजले, “दादा, घेऊन जा तुमची वस्तू. ही टांगायची चीज नाय. फक्त रईवारी सकाळी इथं येऊन वाजवा. आमचा नातू पन झोपत नाय, त्याला आणतो.” मग भिंतीकडे बघून सुस्कारा टाकला. “पन जागा मोकळी दिसतं बगा.”

भगवानकाका खाकरले. “माझं एक बुलबुलतरंग आहे. माळ्यावर. पंचेचाळीस साली वडिलांनी आणलेलं... मी वाजवायचो. कॉलेजात.” कुणीच काही विचारलं नाही, तरी ते पुढे म्हणाले, “मग नोकरी लागली.”

“आणा,” महादेवराव म्हणाले.

विश्वजीतने त्यांच्याकडे पाहिलं. “काका, टांगायच्या आधी एकदा वाजवून बघा.”

“बघू,” काका म्हणाले. ते अजून टांगलेलं नाही. भिंतीवरची जागा अजून मोकळी आहे आणि महादेवराव दर रविवारी त्याची आठवण करतात.

तहकूब सभा त्याच रात्री पार्किंगमध्ये पुन्हा भरली; सगळे दबक्या आवाजात बोलत होते. ठराव असा झाला: दिघे यांनी रोज सायंकाळी दिवेलागणीस आपल्या सदनिकेत विद्युत गिटार वाजवावी, अपरिहार्य कारणाने वाजवणं शक्य नसल्यास कमिटीस आगाऊ कळवावं. सूचक: हेतलबेन शहा. अनुमोदक: शोभाताई दिघे. एकमताने मंजूर. आता ट्रक अडकून विश्वजीतला उशीर झाला की खालून हेतलबेनचा फोन येतो, “विश्वजीतभाई, ठाकोरजी राह जुए छे.” गोधड्या भिंतीवरून उतरल्या, कारण आवाज बाहेर गेलाच पाहिजे, असं इमारतीचं म्हणणं पडलं.

आणि एवढं सगळं झाल्यावर, निवृत्ती मागे घेतलेल्या कलावंताला जे सुचायचं तेच विश्वजीतला सुचलं. त्याने नवं गाणं लिहिलं. तेरा वर्षांत पहिलं. ओवीवर. हळुवार चाल, हळुवार शब्द, चंद्र, चांदोबा, सगळं. चारुताने ऐकलं आणि त्याच्या खांद्यावर कपाळ टेकलं. मग दिवेलागणीला, पाळण्याशी खुर्ची ओढून, त्याने ते ओवीसाठी वाजवलं.

ओवीने दोन ओळी ऐकल्या. उठून बसली. आणि टाहो फोडला.

विश्वजीतचे हात तारांवरच राहिले. “हिला जुनंच हवंय.”

“मग?” चारुता हसू दाबत म्हणाली. “मोठमोठ्या रॉकस्टारांचं काय होतं? लोक नवं ऐकतात का कधी? ओरडतात ना, ते जुनं वाजव, ते जुनं.”

विश्वजीतने हे क्षणभर तोलून बघितलं. मग तो खुर्चीत जरा ताठ बसला, अ‍ॅम्पवरचा मनीप्लांट बाजूला सरकवला, बटण पुरतं पिळलं, आणि श्रोत्यांच्या आग्रहाखातर, ‘उठा रे उठा’ सुरू केलं. खालच्या मजल्यावर घंटा वाजली.